मिठाची नोटीस

पेणला बाहेरचे लोक जातात ते गणपतीची मूर्ती ठरवायला, नाहीतर पोह्याचे पापड आणायला. तेही नसेल तर अलिबागला जाता जाता एसटी थांबते तेवढ्यात स्टँडवर वडापाव खातात आणि ‘पेण पाहिलं’ म्हणतात. आम्ही गेलो ते एका खोट्या कागदाच्या मागावर. सत्त्याण्णव सालचा एप्रिल होता. परत आल्यावर मैत्रिणी प्रवासाच्या गमती विचारायच्या, तेव्हा मी करवंदांचं सांगायचे, ताडगोळ्यांचं सांगायचे आणि विषय बदलायचे. आज मात्र सगळं लिहायचं ठरवून बसले आहे.

मी माहितीपट करते, म्हणजे लोकांची आयुष्यभराची अडचण पंचवीस मिनिटांत बसवते. पुण्यातल्या एका संस्थेला शाळा-कॉलेजांत दाखवायला ‘खोटी बातमी कशी पसरते’ या विषयावर फिल्म हवी होती. मी आणि माझा कॅमेरामन विलास, एवढाच आमचा लवाजमा. आवाजाचं काम मीच बघते. विषय शोधताना मला वर्षभरापूर्वीची एक हकिगत कळली होती. पेणच्या आणि रोह्याच्या बाजारात एक छापील नोटीस लागली होती की खाडीवरच्या अमुक गावच्या मिठागरात कंपनीचं रसायनाचं पाणी शिरलं आहे, तरी ते मीठ कोणी खाऊ नये. खाली लिहिलं होतं, ‘हुकमावरून’. कोणाच्या हुकमावरून, ते नाही. पाणीबिणी काहीही शिरलं नव्हतं, पण त्या गावचं मीठ त्या हंगामात कोणी उचललं नाही.

गावाचं नाव मी इथे लिहिणार नाही. लिहिलं तर काय होतं ते मला आता चांगलं माहीत आहे.

खाडीवर

पेणहून रिक्षाने तासाभरात खाडी लागते. रस्ता संपतो, बांध सुरू होतो आणि मग दोन्ही बाजूंना मिठागराचे वाफे. एप्रिलच्या उन्हात त्या पांढऱ्या वाफ्यांकडे बघवत नाही, डोळ्यांतून पाणी येतं. विलास मात्र खूष होता. भर दुपारी, डोक्यावर टॉवेल टाकून तो एकेक वाफा टिपत बसला. खारा वारा कॅमेऱ्याला बरा नव्हे, हे त्याला मी सांगितलं. ‘पाच मिनिटं’ म्हणाला आणि दोन तास तिथेच राहिला.

हिराबाई तिथे भेटली. पन्नाशी ओलांडलेली, काटक, गुडघ्यापर्यंत नेसलेलं लुगडं. लांब दांड्याच्या लाकडी फावड्याने ती वाफ्यातलं मीठ कडेला ओढत होती. माझ्या माहेरी, सांगलीला, दारी आलेल्या माणसाला आधी गूळ-पाणी देतात, मग कोण-कुठले ते विचारतात. हिराबाईने फावडं न थांबवताच विचारलं, “जेवलीस का गो?”

नाही म्हटल्यावर काम टाकून ती आम्हाला घरी घेऊन गेली. तांदळाची भाकरी, सुक्या जवळ्याची चटणी आणि कैरी घातलेलं कसलंसं पातळ कालवण. मीठ वाढताना तिने ते माझ्या हातावर दिलं नाही, ताटाच्या कडेला ठेवलं. मीठ हातात दिलं की भांडण होतं, हे आमच्याकडेही मानतात, त्यामुळे मला घरच्यासारखं वाटलं. विलास तीन भाकऱ्या जेवला. त्याला वाढता वाढता हिराबाईने गेल्या वर्षाची सगळी कथा सांगितली.

आगर शेठचं, राबणूक हिची आणि नवऱ्याची. नवरा दम्याने घरी बसल्यापासून हिची एकटीचीच. तिचं जाडं मीठ पेणच्या पापडवाल्या बायका आणि सुकी मासळी खारवणाऱ्या कोळणी नेत. नोटीस लागली त्या दिवसापासून सगळ्या बंद झाल्या. गावाने मग मीठ तपासून आणलं, ते उत्तम निघालं. तो अहवाल हिराबाईने प्लॅस्टिकच्या पिशवीतून काढून मला दाखवला. मी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. त्यात शंकेला जागा नव्हती. पण नोटीस बाजारातल्या भिंतीवर होती आणि अहवाल हिराबाईच्या ट्रंकेत.

“औंदा होळीपास्ना बायका परत यायला लागल्यात,” ती म्हणाली. “औंदाचं मीठ पावसाच्या आधी गेलं पायजे. नायतर शेठ आगर कोळंबीच्या तलावाला देनार हाय. बोललाय तो.”

“मग तुम्ही काय करणार?”

“मी काय करनार? मना मीठच येतं करायला.” मग माझ्या माइककडे बोट करून तिने विचारलं, “तुमची फिलिम पेनच्या बायका बघतील काय?”

“बघतील ना.”

“मंग त्यांना सांग, आमचं मीठ चांगलं हाय. मी सांगून दमले. तू पुन्याची, तुझं ऐकतील.”

मी शब्द दिला. शब्द द्यायला आम्हा फिल्मवाल्यांना पैसे पडत नाहीत.

संध्याकाळी पेणला कुसुमताईंकडे गेलो. जुन्या जमीनदार घरातल्या, यजमान निवृत्त शिक्षक, आणि मागच्या अंगणात दहा-बारा बायकांना घेऊन यांचा पापडांचा उद्योग. लाटून झालेले पापड साड्यांवर वाळत घातलेले, जायला वाट नव्हती. कॅमेऱ्यापुढे त्या छान बोलल्या. “गेल्या वर्षी आम्हीही घाबरलो, खोटं कशाला बोलू? पण चुकलं ते आमचं. आता पुन्हा हिराबाईचंच मीठ. त्या मिठाशिवाय पापडाला चव नाही.” मला हवा होता तसा शेवट पहिल्याच दिवशी हातात पडला होता. मी त्यांचे एवढे आभार मानले की त्यांनी मला पापडाच्या लाट्या तेल लावून खायला दिल्या, आणि मी आठ खाल्ल्या.

अष्टमी

दुसऱ्या दिवशी पॅसेंजरने रोह्याला गेलो. नोटीस कुठे छापली गेली याचा माग तिथे लागत होता. स्टेशनवरून गावात, गावातून कुंडलिकेचा पूल ओलांडून पलीकडच्या अष्टमी गावाला. पुलावर कंपनीच्या शिफ्टवरून सुटलेल्या सायकली आणि नदीवरून येणारा औषधासारखा वास. रोह्याच्या माणसाला तो वास येत नाही. मी नाकाला पदर लावला तर शेजारून जाणारा एकजण हसून म्हणाला, “दोन दिवस ऱ्हावा, सवय व्हईल.”

अष्टमीत दुकानांच्या वरच्या मजल्यावर मोकल सरांचा कंप्युटर क्लास होता. चार कंप्युटर, एक टरटरणारा प्रिंटर आणि दाराशी चपलांचा ढीग. धूळ जाऊ नये म्हणून चपला बाहेर. सर तिशीचे, सालस, सारखा चष्मा पुसणारे. नोटिशीचा विषय काढताच त्यांनी दार लोटून घेतलं.

“लपवत नाय मॅडम,” ते म्हणाले. “ती इथंच टाइप झाली. या तीन नंबरच्या मशिनवर.”

“कोणी केली?”

“तेच तर कळत नाय.” त्यांनी फळ्याकडे बोट केलं. फळ्याच्या वरच्या कोपऱ्यात ठळक अक्षरांत पासवर्ड लिहिलेला होता आणि त्याभोवती ‘पुसू नये’ असा चौकोन होता. “सगळ्या बॅचचा एकच. पोरं विसरतात म्हणून लिहून ठेवला. आत कोन आला ते कंप्युटर सांगतो खरं, पन सगळ्यांचं नाव एकच, ‘विद्यार्थी’. साठ विद्यार्थी, शिवाय खालच्या दुकानातले पन येतात गेम खेळायला.”

विलास मोठ्याने हसला. मीही हसले. कुलूप लावून किल्ली दारालाच टांगायची, असा हा कारभार. सर मात्र हसले नाहीत.

“हातानं लिहिलेली असती तर कोनी दोन दिवसांत फाडली असती,” ते म्हणाले. “कंप्युटरवर आली म्हनून टिकली. लोकांना वाटतं, यंत्राला काय पडलंय खोटं बोलायचं? माझी आई पन तेच म्हनाली. मी तिला सांगितलं, अगो, माझ्याच मशिनवरची हाय, खोटी हाय. तर म्हनते, तुझा कंप्युटर चांगला हाय रे, तू उगा त्याला नावं ठेवतोस.”

नोटिशीची फाइल त्यांनी पुसली नव्हती. कधी पोलीस आले तर पुरावा लागेल म्हणून ठेवली होती. पोलीस कधी आले नाहीत, आम्ही आलो. आणि माझ्या डोक्यात एकदम दृश्य उभं राहिलं. भिंतीवर नोटीस चिकटवणारे हात, ओली खळ, मागे बाजार. फिल्ममध्ये नुसते बोलणारे चेहरे किती दाखवणार? मी सरांना म्हटलं, “त्याच फाइलवरून आम्हाला काही प्रती काढून द्याल का? शूटिंगपुरत्या.”

सरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. “गावाचं नाव बदलूया का मॅडम?”

“नको,” मी म्हटलं. “खरीखुरी दिसायला हवी.”

प्रिंटर टरटरायला लागला. कागद बाहेर आले ते गेल्या वर्षीच्यापेक्षा स्वच्छ होते, कारण सरांनी मध्यंतरी नवीन शाईची रिबन घातली होती.

पुन्हा पेण

जागा विलासने शोधली. बाजारातल्या पिठाच्या गिरणीची बाहेरची भिंत. चारनंतर तिच्यावर तिरकं ऊन येतं, आणि गिरणीसमोर दळण घेऊन बसलेल्या बायका मागे आपोआप येतात. पापडाच्या दिवसांत गिरणीला श्वास घ्यायला फुरसत नसते, पेणची प्रत्येक पापडवाली इथे दिवसातून एकदा तरी येतेच. म्हणजे ही नोटीस जिथे चुकूनही लागायला नको, तीच जागा आम्ही चौकट चांगली मिळते म्हणून पसंत केली. हे मला तेव्हा सुचलं नाही. मला चौकटच दिसत होती.

गिरणीचे मालक म्हात्रेकाका. पांढऱ्या भुवया, म्हणजे पिठाने पांढऱ्या झालेल्या. “शूटिंगचं आहे, एक कागद लावू का भिंतीवर?” असं विचारल्यावर त्यांनी स्वतः भिंत झाडून दिली. पहिला कागद फाटला, दुसरा तिरका बसला, तिसरा जरा सुरकुतून का होईना, विलासच्या मनासारखा लागला. हातांचं दृश्य घेतलं. जवळून मजकूर घ्यायचा तेवढ्यात सूर्य समोरच्या लॉजमागे गेला.

“उद्या याच वेळेला घेऊ,” विलास म्हणाला. “पण कागद काढू नकोस हं. हीच सुरकुती, हाच खळीचा डाग पाहिजे. नाहीतर जुळणार नाही.”

आमच्या धंद्यातला हा पहिला धडा. दृश्य पुरं होईपर्यंत मांडलेल्या वस्तूला हात लावायचा नाही. कप अर्धा भरलेला असेल तर दुसऱ्या दिवशीही अर्धाच हवा. वीस वर्षांत माझ्या हाडात मुरलेला नियम. मी म्हात्रेकाकांकडे गेले आणि बजावून सांगितलं, “काका, उद्या आम्ही येईपर्यंत हा कागद कोणाला काढू देऊ नका. फाटायला नको, भिजायला नको.”

“तुमी निर्धास्त जावा,” काका म्हणाले. “हात कोन लावतंय बघतो.”

काकांनी तो कागद वाचला होता की नाही, हे मी विचारलं नाही. खोटा आहे असंही सांगितलं नाही. शूटिंगचं म्हटल्यावर कळलंच असेल, असं मी धरून चालले.

गागोदे

दुसऱ्या दिवशी सकाळी कॅमेरा सुरूच होईना. खाडीवरच्या खाऱ्या वाऱ्याने टेपवर चित्र उतरवणारं हेड क्षार धरून बसलं होतं. विलास सकाळच्या गाडीने तो मुंबईला साफ करायला घेऊन गेला आणि दुसऱ्या दिवशी येतो म्हणाला. मला अख्खा दिवस मोकळा मिळाला. एकदा वाटलं, गिरणीवर जाऊन कागद काढून ठेवावा. मग सुरकुतीची आठवण झाली. मी जीपमध्ये बसून गागोदे बुद्रुकला गेले.

खरं सांगते, संपूर्ण प्रवासातला तो सगळ्यात सुंदर दिवस होता. डोंगराच्या पायथ्याशी गाव, वाटेवर करवंदीची जाळी, आणि पानांच्या द्रोणात करवंदं विकणाऱ्या दोन कातकरी बायका. त्यांनी मला काळं आणि अर्धं काळं यातला फरक शिकवला. अर्ध्या काळ्यात आंबटपणा असतो म्हणून ते आधी खायचं. ज्या घरामुळे गावाचं नाव शाळेच्या पुस्तकात आलं ते भूदानवाल्या आचार्यांचं जन्मघर पाहिलं. थंडगार ओटीवर तासभर बसले. एका आजीने विहिरीचं पाणी दिलं आणि मला मुलंबाळं किती ते विचारलं. एक मुलगी, सहा वर्षांची, म्हटल्यावर तिच्यासाठी आवळासुपारी बांधून दिली. पुण्यात इतक्या वर्षांत शेजारणीने मला असं काही दिलेलं नाही.

परतीच्या जीपमध्ये अकरा माणसं होती. माझ्या शेजारी मांडीवर उडदाच्या डाळीची पिशवी घेतलेली एक बाई होती. समोरच्या बाईला ती म्हणाली, “मीठ घेतलंस का गो? खाडीवरचं घेऊ नको. नोटीस परत लागली.”

“परत?”

“गिरनीवर. मी वाचून आले ना सकाली. गेल्या वर्षी कोन म्हनायचे खोटी हाय. आता तर शूटिंगवाले पन आलेले तिचे फोटो काढायला. टीवीवर येनार हाय. खोट्याला कोन येतो एवढ्या लांबून?”

मी म्हटलं, “बाई, ती नोटीस खोटीच आहे. ती आम्ही लावली आहे. मीच ती शूटिंगवाली.”

बाईने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि विचारलं, “मंग तुमी खोटी नोटीस का लावली?”

याचं उत्तर द्यायला मला पेण येईपर्यंतचा वेळ होता. फिल्म म्हणजे काय, नाट्यीकरण म्हणजे काय, खोटी बातमी कशी पसरते हे दाखवण्यासाठी ती आधी मांडावी लागते, सगळं सांगितलं. ती “व्हय, व्हय” करत राहिली. उतरताना मात्र समोरचीच्या कानात बोलली, पण मला ऐकू आलं. “कंपनीनं पाठवली असल. आता दाबतायत.”

गिरणीपाशी चार-पाच बायका उभ्या होत्या. एकजण मोठ्याने वाचत होती, बाकीच्या ऐकत होत्या. आणि म्हात्रेकाका भिंतीशी स्टूल टाकून बसले होते. सकाळपासून बसले होते. कागदाच्या खालच्या कोपऱ्याला वाऱ्याने फाटू नये म्हणून त्यांनी चिकटपट्टी लावली होती.

“एकजन काढायला आलता,” ते अभिमानाने म्हणाले. “त्या गावचाच होता. मी हात लावू दिला नाय. म्हटलं, पुन्याच्या बाईंचा हुकूम हाय.”

मी कागद ओरबाडून काढला. खळ चांगली होती, अर्धा निघाला, अर्धा भिंतीवरच राहिला. गावाचं नाव भिंतीवर राहिलं. ते मी नखांनी खरवडत होते आणि बायका बघत होत्या.

“काका, खोटं आहे हो हे सगळं,” मी म्हटलं.

काका गोंधळले. “खोटं? मंग मना तसं सांगायचं नाय?” आणि भिंतीकडे बघत, “मी आज दिवसभर सगळ्यांना खरं हाय म्हनून सांगितलं ना बाई. मना वाटलं, तुमी कागद जपायला सांगितला म्हंजे खराच असनार.”

एक दिवस पुरत नाही

दुसऱ्या दिवशी विलास परत आला तो दुपार करून. एकेरी मार्ग, पेणच्या अलीकडे जिते स्टेशनात त्याची गाडी क्रॉसिंगला अडकून पडली होती. कॅमेरा खांद्यावरून उतरवायच्या आधी त्याने विचारलं, “अगं, जित्याच्या फलाटावर बायका मिठाचं काय बोलत होत्या?” कागद पेणला लागला होता आणि बातमी गाडीच्या पुढे जाऊन जित्याला पोचली होती.

मी मोकल सरांना फोन लावला. सर बिचारे स्वतः खुलाशाचे कागद छापून घेऊन आले. ‘सदर नोटीस खोटी असून मीठ खाण्यास योग्य आहे.’ आम्ही तिघांनी ते पेणभर लावले. आता सांगायला लाज वाटते, पण ते कागद त्याच प्रिंटरवरचे, त्याच अक्षरांतले होते, आणि सरांनी सवयीने खाली ‘हुकमावरून’ तसंच ठेवलं होतं. ज्यांनी नोटीस पाहिली नव्हती त्यांनी खुलासा पाहिला आणि विचारलं, कसली नोटीस? मग आम्हाला ती सांगावी लागली. रिक्षावर भोंगा लावून मी दोन तास बाजारात ओरडत फिरले. गावाचं नाव मी त्या दोन तासांत जितक्या वेळा घेतलं तितक्या वेळा ते कागदाने दोन दिवसांत घेतलं नसेल. माझा घसा बसला आणि मीठ विषारी आहे ही बातमी ज्या गल्ल्यांत पोचायची राहिली होती तिथेही पोचली. मला ते ओरडता ओरडता कळत होतं, पण गप्प बसणंही जमेना.

शेवटी कुसुमताईंकडे गेले. निदान त्या तरी. अंगणात पापड वाळत होते. पायरीवर पिशवीतल्या मिठाच्या पुड्या मांडून ठेवलेल्या, दुकानातल्या, बारीक.

“मला माहीत आहे हो खोटं आहे ते,” माझं बोलणं पुरं होऊ न देता त्या म्हणाल्या. “तुम्ही सांगायच्या आधीपासून माहीत आहे. हे सगळ्या बायकांनाही माहीत आहे. पण उद्या गिऱ्हाईक विचारतं, मीठ कुठलं? त्याला मी काय अहवाल दाखवत बसू? एकदा चालेल, दोनदा चालेल. तिसऱ्यांदा कोणी धोका घेत नाही.”

“पण चार दिवसांपूर्वीच कॅमेऱ्यासमोर तुम्ही म्हणालात...”

“तेव्हा ते खरं होतं,” त्या म्हणाल्या, आणि त्यांनी मान खाली घातली.

मी आयुष्यभर समजत आले होते की लोकांना खरं कळत नाही म्हणून खोटं चालतं. त्या अंगणात मला पहिल्यांदा कळलं की खरं कळूनही काही फरक पडत नाही. असं वाटल्यावर माणसाने माहितीपट कशाला करायचे, हा प्रश्न मी तेव्हापासून टाळते आहे.

निरोप

हिराबाईला सामोरं जायला विलास नको म्हणत होता. मी गेले. मिठाची रास आगराच्या कडेला माझ्या डोक्याइतकी उंच उभी होती, पेंढ्याने शाकारायला घेतलेली. तिला सगळं आधीच कळलं होतं. नोटीस काढायला गेलेला माणूस तिचा धाकटा दीर होता.

मी चूक कबूल केली. एकेक करून, न लपवता. तिने फावड्याच्या दांड्यावर हनुवटी टेकून ऐकलं. ती ओरडली असती तर बरं झालं असतं.

“तू मुद्दाम नाय केलंस, मना ठाव हाय,” ती म्हणाली. “गेल्या वर्षीचा पन कोनी मुद्दाम केला नसल. पोरांनी टाइप शिकताना केला असल. आमी काय, मुद्दाम केलं काय नि चुकून केलं काय.”

“मी फिल्ममध्ये सगळं सांगते. तुमचा अहवाल दाखवते.”

“नको गो. फिलिम दाखवूच नको. जो बघेल त्याला आमच्या गावचं नाव नि मीठ एवढंच ध्यानात राहनार.”

जायला निघाले तशी ती आत गेली आणि फडक्यात बांधलेलं शेरभर मीठ घेऊन आली. माझ्या हातात न देता बांधावर ठेवलं आणि मी ते उचलेपर्यंत थांबली.

“पाहुनी रिकामी नाय जायची,” ती म्हणाली. मग माझ्या डोळ्यांत बघत, “खाशील ना?”

“म्हणजे काय! खाणारच,” मी म्हटलं.

पुणे

फिल्म माझी नव्हती, संस्थेची होती. त्यांनी ती दाखवली. गावाचं नाव मी कापायला लावलं, पण भिंतीवर नोटीस लावणाऱ्या हातांचं दृश्य त्यांना इतकं आवडलं की त्यात ते नाव वाचता येतं हे कोणी ऐकून घेतलं नाही. पावसाळ्यानंतर मोकल सरांचं पत्र आलं. त्यांनी क्लासमध्ये प्रत्येक विद्यार्थ्याला वेगळा पासवर्ड दिला होता, आणि फळा पुसला होता. पत्राच्या शेवटी एक ओळ होती की आगरात आता कोळंबीचं पाणी भरलं आहे, हिराबाई नवऱ्याला घेऊन लेकीकडे गेली.

एका कॉलेजात फिल्म दाखवून झाल्यावर प्रश्नोत्तरं होती. मागच्या बाकावरच्या एका मुलीने उभं राहून विचारलं, “मॅडम, ते मीठ तुम्ही स्वतः खाल्लंत का?”

“हो,” मी म्हटलं. “आमच्या घरी रोजच्या आमटीत तेच असतं.” मुलांनी टाळ्या वाजवल्या.

पेणहून घरी पोचले त्या संध्याकाळी मी ते फडकं ओट्यावर सोडलं होतं. आमटी उकळत होती, मुलगी ताट घेऊन बसली होती. अहवाल मी स्वतः वाचला होता. नोटीस मीच छापून घेतली होती, मीच लावली होती. चिमूट उचलली आणि हात पातेल्यावर थांबला. मुलगी म्हणाली, “आई, भूक लागली.” मी चिमूट परत टाकली, डब्यातलं दुकानचं मीठ घातलं आणि दुसऱ्या दिवशी ते फडकं मागच्या नारळाच्या बुंध्याशी रिकामं केलं.